वाचकांचे प्रश्न : सरकारी वसुलीची नोटीस आली तर

प्रश्न : डिचोलीत आमचं दुकान आहे. चार वर्षांपूर्वीच्या वीजबिलापोटी ८४,००० रुपये भरा, नाहीतर महसुली थकबाकी म्हणून (म्हणजे जमीन महसुलासारखी, जप्ती करून) वसूल करू, अशी नोटीस आली आहे. मधल्या काळातल्या एकाही बिलात ही रक्कम नव्हती. हप्ते मागून घ्यावेत का?

उत्तर : हप्त्यांचा अर्ज इतक्यात करू नका. ‘माझी थकबाकी हप्त्याने घ्यावी’ असं लिहून सही केलीत की देणं मान्य केल्यासारखं होतं. वसुलीचा दावा किती काळात लावायचा हे ठरवणाऱ्या मुदत कायद्याच्या कलम १८ खाली त्या कबुलीपासून नवी मुदत मोजली जाऊ शकते, आणि रकमेबद्दल वाद घालायला मग तोंड उरत नाही.

तुमचा भक्कम मुद्दा वीज कायदा २००३ च्या कलम ५६(२) मध्ये आहे. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर ती वसूल करता येत नाही. बिलांत ती सतत थकबाकी म्हणून दाखवली असेल तरच येते. तेव्हा चार वर्षांची सगळी बिलं काढा आणि ‘मागील थकबाकी’चा रकाना महिन्यागणिक तपासा. फसगत होते ती पुढे. रक्कम प्रथम देय होते ती वीज वापरल्याच्या दिवशी नव्हे, तिचं बिल निघाल्यावर. जुनी चूक सापडली म्हणून खात्याने या रकमेचं बिल आत्ता पहिल्यांदाच काढलं असेल, तर दोन वर्षं आत्तापासून धरली जातील. शिवाय, या मुदतीनंतर वीज तोडण्याची सक्ती करता येत नाही, पण वसुलीचे इतर कायदेशीर मार्ग बंद होत नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली सांगितलं आहे.

आता पत्र. कोणत्या महिन्यांची रक्कम, कोणतं रीडिंग, कोणता दर, त्यात विलंब आकार किती, हा तपशील मागा. समक्ष सुनावणी मागा आणि तोवर वसुली थांबवायला सांगा. एक प्रत वीज खात्याला, एक वसुली अधिकाऱ्याला. दोन्हीकडचा इनवर्ड नंबर तुमच्या प्रतीवर घ्या. एकीकडेच दिलंत तर वसुलीवाले ‘आकडा आम्ही ठरवलेला नाही’ म्हणतात आणि खातं ‘फाईल पुढे गेली’ म्हणतं. माणसाचं म्हणणं ऐकून आकडा आधी ठरावा आणि जप्तीचं नाव नंतर निघावं. उलटा क्रम आम्हाला साफ अन्यायाचा वाटतो.

माहिती अधिकाराचा अर्ज जरूर करा, पण त्याचं उत्तर यायला ३० दिवस लागू शकतात आणि नोटिशीची तारीख त्यासाठी थांबत नाही. म्हणून मुदतवाढ वेगळी मागा. वीज तोडण्याची नोटीस आली तर तीत पूर्ण १५ दिवस मिळायला हवेत. मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने होणारा आकार, यांतली कमी ती ‘निषेध नोंदवून’ भरलीत की वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. खात्याच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडेही जाता येईल.

प्रश्न : मी पेडण्याचा. थकबाकी गोव्यातली, पण जप्तीची नोटीस सावंतवाडीच्या घरावर आली आहे. असं करता येतं?

उत्तर : येतं. महसूल वसुली कायदा १८९० च्या कलम ३ प्रमाणे गोव्यातले जिल्हाधिकारी सिंधुदुर्गच्या जिल्हाधिकाऱ्यांना थकबाकीचा दाखला पाठवू शकतात. त्या दाखल्यातला आकडा तिथे अंतिम धरला जातो, त्यामुळे तिकडे हेलपाटे घालून रकमेवर वाद घालण्यात अर्थ नाही. कलम ४ वापरा : भरतानाच सहीनिशी लेखी निषेध द्या, मग परतफेडीचा दावा लावा. दावा दाखला देणाऱ्या जिल्हाधिकाऱ्यांच्या कार्यालयाच्या हद्दीतल्या दिवाणी न्यायालयात, म्हणजे तुमच्या बाबतीत गोव्यातच लावायचा. पैसे भरून दुसऱ्या दिवशी दिलेला निषेध कामाचा नाही.

प्रश्न : आई वाळपईजवळच्या सरकारी प्राथमिक शाळेतून निवृत्त झाली. वेतननिश्चिती चुकली होती म्हणून ग्रॅच्युइटीतून न विचारता रक्कम कापली आहे.

उत्तर : न विचारता कापणं हाच पहिला दोष. दुसरा आधार सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर २०१४ च्या ‘रफिक मसीह’ निकालाचा. तृतीय आणि चतुर्थ श्रेणीतले कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, तसंच पाच वर्षांहून जास्त काळ झालेलं जादा प्रदान, अशा ठिकाणी वसुली करता येत नाही. पुढची पेन्शन मात्र योग्य वेतनावर बसवता येते; कार्यालयं या दोन गोष्टींची सरमिसळ करतात, तेव्हा अर्जात त्या वेगळ्या लिहा. सेवापुस्तक पाहा : ‘जादा रक्कम आल्यास परत करीन’ असं हमीपत्र आईंनी दिलं असेल तर ‘हमी दिली असेल तर वसुली चालते’ असं सांगणाऱ्या २०१६ च्या ‘जगदेव सिंग’ निकालाचा हवाला समोरून येईल. तो खटला वरच्या श्रेणीतल्या न्यायिक अधिकाऱ्याचा होता, हे निदर्शनास आणून द्या. निवेदनाला उत्तर आलं नाही तर पर्वरीला उच्च न्यायालयात रिट करता येते. वकिलाची फी परवडत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा; स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट नाही.