बार्कलेचं 'अपॉलॉजी' वाचायला घेताय तर

पहिल्या पानापासून सुरुवात करू नका, दमून जाल. रॉबर्ट बार्कले या स्कॉटिश क्वेकरने (क्वेकर म्हणजे बाह्य विधी न मानता मौनात उपासना करणारा ख्रिस्ती पंथ) १६७६ मध्ये हे पुस्तक आधी लॅटिनमध्ये काढलं. 'अपॉलॉजी' म्हणजे इथे माफी नव्हे, तर आपल्या पंथाचं समर्थन. इंग्रजी १६७८ चं. एकूण १५ प्रमेयं, म्हणजे मांडून सिद्ध केलेली विधानं, आहेत. आधी शेवटचं वाचा: कुणापुढे मानाने टोपी का काढायची नाही, शपथ का घ्यायची नाही. (सुरुवातीचं राजाला लिहिलेलं पत्रही सोडू नका. दुसऱ्या चार्ल्सला तो चक्क 'तू' म्हणतो!) मग अकरावं. तिथे वाद बाजूला ठेवून तो स्वतःचं सांगतो: मौन सभेत बसलो, आतलं वाईट ढिलं पडलं, चांगलं वर आलं. मला तरी ही ओळ कळल्यावरच बाप्तिस्मा आणि प्रभुभोजन या ख्रिस्ती विधींवरची बारावी-तेरावी प्रमेयं उलगडली. पेन्सिल जवळ असू द्या, आणि त्याने दिलेलं प्रत्येक वचन बायबल उघडून ताडून बघा.