वाचकांचे प्रश्न : डिस्को कुठे गेले?

प्रश्न : 1970च्या दशकात जगभर गाजलेले डिस्को संगीत 1979नंतर अमेरिकेत एकाएकी का लोपले? त्यानंतर आलेल्या ‘हाऊस’ संगीताचे नाव घरावरून पडले आहे का?

उत्तर : डिस्को लोपले नाही, ते जिथून आले होते तिथे परत गेले. रेडिओ आणि चित्रपटांमुळे ते सर्वदूर पोहोचले असले, तरी त्याची जडणघडण न्यूयॉर्कमधील कृष्णवर्णीय, लॅटिन आणि समलिंगी तरुणांच्या नृत्यमेळाव्यांत झाली होती. 1960च्या दशकात त्या शहरात दोन पुरुष जोडीने नाचताना आढळले, तर पोलीस त्यांना पकडून नेत; त्यामुळे निर्धास्तपणे नाचता येईल अशी जागा मिळणे हीच या मंडळींसाठी मोठी गोष्ट होती. डेव्हिड मॅन्कूसो यांनी 1970 साली ब्रॉडवेवरील आपल्या राहत्या जागेतच केवळ निमंत्रितांसाठी मेळावे सुरू केले, आणि ‘द लॉफ्ट’ म्हणून ओळखल्या गेलेल्या या जागेत मद्य विकले जात नसे.

पुढे डिस्कोची लाट आली, तबकड्यांच्या कंपन्यांनी सुमार गाण्यांचा मारा केला आणि श्रोते कंटाळले, हे खरे आहे. परंतु 12 जुलै 1979 रोजी शिकागोच्या कोमिस्की पार्क या बेसबॉल मैदानावर जे घडले, त्याचे कारण केवळ कंटाळा होता, हे मला पटत नाही. स्टीव्ह डाल या रेडिओ निवेदकाच्या पुढाकाराने, नष्ट करण्यासाठी डिस्कोची तबकडी आणणाऱ्यास त्या दिवशी 98 सेंटांत प्रवेश होता. दोन सामन्यांच्या मधल्या वेळेत त्या तबकड्यांचा ढीग स्फोटाने उडवण्यात आला, हजारो प्रेक्षक मैदानात घुसले आणि यजमान संघाला दुसरा सामना न खेळताच गमवावा लागला. प्रेक्षकांना जागा दाखवण्याचे काम करणारा व्हिन्स लॉरेन्स हा कृष्णवर्णीय तरुण तेथे होता. लोकांनी आणलेल्या कित्येक तबकड्या डिस्कोच्या नव्हत्याच, त्या केवळ कृष्णवर्णीय कलाकारांच्या होत्या, असे त्याने नंतर सांगितले आहे. राग कोणावर होता, हे त्यावरून उमगते.

त्याच शिकागोत 1977पासून ‘द वेअरहाऊस’ नावाच्या क्लबमध्ये, न्यूयॉर्कहून आलेले फ्रँकी नकल्स तबकड्या वाजवत होते. मोठ्या कंपन्यांनी डिस्कोकडे पाठ फिरवल्यावर नव्या तबकड्या कमी येऊ लागल्या, तेव्हा त्यांनी जुन्याच गाण्यांतील ठेक्याचे तुकडे फितीवर जोडून ती लांबवली, आणि पुढे ड्रम मशीनची, म्हणजे ठेका वाजवणाऱ्या इलेक्ट्रॉनिक यंत्राचीही जोड दिली; यातूनच हाऊस संगीत आकाराला आले. रोलँड कंपनीची अशी यंत्रे व्यावसायिक दृष्ट्या फसल्यामुळे जुन्या बाजारात स्वस्तात मिळू लागली होती, म्हणूनच स्टुडिओचे भाडे न परवडणारी मुलेही स्वतःचे संगीत घडवू शकली. 1984 साली निघालेल्या, हाऊसच्या अगदी पहिल्या तबकड्यांपैकी एकीच्या निर्मितीत तोच व्हिन्स लॉरेन्स सहभागी होता.

नावाबद्दल सांगायचे, तर ‘वेअरहाऊसमध्ये वाजते ते संगीत’ अशी तबकड्यांच्या दुकानांतली ओळख लोकांच्या तोंडी आखूड होऊन ‘हाऊस’ हा शब्द रुळला, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. म्हणजे मूळ शब्द गोदामाचा आहे, घराचा नाही. मात्र मॅन्कूसो यांचे राहते घर आठवले, की आपण लावलेला अर्थही अगदीच परका वाटत नाही.