पैठणच्या वारकरी कुटुंबांतली नाती, श्रद्धा आणि समुपदेशन: मानसशास्त्रात एम.ए.च्या प्रबंधाला हा विषय चालेल का?

हो, नक्की चालेल; फक्त ‘भक्तीने मन बरं होतं’ हे सिद्ध करायला निघू नका. श्रद्धेचा आधार आणि श्रद्धेतूनच होणारा त्रास, दोन्ही विचारा. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ केनेथ पार्गामेंट यांची १४ विधानांची छोटी प्रश्नावली हेच करते: ७ विधानं आधाराची, ७ ‘देव मला शिक्षा करतोय का’ अशा घालमेलीची. ही दुसरी बाजू घरात सहसा कुणी उघड बोलत नाही, म्हणून सासू, सून, मुलगा यांच्या मुलाखती वेगवेगळ्या घ्या. सासूसमोर सून मोकळी होणं कठीणच. मात्र प्रश्नावली जशीच्या तशी वापरू नका. तिच्यात चर्च आणि सैतानाबद्दलची विधानं आहेत. नाथषष्ठीला दिंडीतून येणाऱ्याला ती परकी वाटतील. मराठी रूपांतर करून आधी थोड्या लोकांवर तपासा.