धड एक काय ते कर!

प्रश्न : ताई, मी अंबाजोगाईची, वय २४. छोट्या चित्रपटांत कधी वेशभूषा, कधी ध्वनी, कधी सहायक दिग्दर्शन करते. घरचे म्हणतात, "धड एक काय ते कर." काय करू?

उत्तर : अगं, माझी आई अजून विचारते, "तू नेमकं करतीस तरी काय?" परभणीकडे मे महिन्यात शूटिंग होतं. सकाळी मी कोऱ्या साड्या चहाच्या पाण्यात बुडवून जुनाट करायची, दुपारी बूम (लांब काठीवरचा माईक) धरायची. शेताची थ्री फेज लाइट आली की चहूकडं पाण्याच्या मोटारी सुरू, संवाद पाण्यात! शेवटी वायरमनला लाइटचं वेळापत्रक विचारलं आणि बोलायचे सीन लाइट नसताना लावले. हे ध्वनीचं काम की दिग्दर्शनाचं, तूच सांग.

चित्रपट दिग्दर्शिका सुमित्रा भावे मूळच्या समाजशास्त्राच्या. 'बाई' हा त्यांचा पहिला लघुपट १९८५चा, म्हणजे चाळिशी ओलांडल्यावरचा. पुढं लेखन, दिग्दर्शन, कला दिग्दर्शन, वेशभूषा, सगळं त्यांनी केलं. त्यामुळं चोविसाव्या वर्षी घाई नको.

मात्र काम चार प्रकारचं असलं तरी श्रेयनामावलीत नाव कशाखाली येणार, हे आधी कागदावर घे. एकवीस दिवस राबूनही एका निर्मात्यानं मला 'विशेष आभारा'त ढकललं होतं. पैसेही तसेच, आभारापुरते! आणि घरच्यांना एकदा सेटवर ने. आमची आई आली, तर चुलीवरच्या सीनमध्ये भाकरी थापणारे हात तिचेच घेतले.