भंगारातल्या निगेटिव्हवर नाव कोणाचं टाकू?

प्रश्न : मी अमळनेरला चित्रकला शिकवतो. भंगारवाल्याकडे एका बंद पडलेल्या फोटो स्टुडिओचा खोका मिळाला, वजनावर घेतला. दोनतीनशे निगेटिव्ह असतील, लग्नाची जोडपी, काजळ लावलेली बाळं, टोपीवाले आजोबा. मोठे प्रिंट काढून जळगावला प्रदर्शन लावायचं डोक्यात आहे. एक मित्र म्हणतो ही चोरी आहे, दुसरा म्हणतो परदेशात यालाच आर्ट म्हणतात. फोटो मी काढलेले नाहीत, मग नाव कोणाचं टाकू?
— एक वाचक, अमळनेर

उत्तर : दुसरा मित्र म्हणतो ते खरंय. शेरी लेव्हिन या अमेरिकन कलाकार बाईंनी वॉकर इव्हान्स या फोटोग्राफरचे 1936 सालचे फोटो कॅटलॉगमधून जसेच्या तसे पुन्हा कॅमेऱ्यात घेतले आणि 1981 मध्ये स्वतःच्या नावानं भिंतीवर लावले, शीर्षकात इव्हान्सचं नाव ठेवून. फोटो त्याचा की हिचा हा वाद अजून चालतो. मला मात्र दरवेळी त्यातली अ‍ॅली मे बरोज दिसते, अलाबामात दुसऱ्याच्या रानात बटाईनं कापूस पिकवणाऱ्या घरातली बाई, मागे लाकडी फळ्या, ओठ घट्ट मिटलेले. आपल्याकडच्या कुठल्याही कापूसवाल्या घरातली वाटावी अशी. वाद दोघा कलाकारांचा आणि चेहरा तिचा, हे मला आजही खटकतं.

चित्रकार विवान सुंदरम यांनी आपल्या मावशीवर, चित्रकार अमृता शेरगिलवर फोटोमाँटाज केले, म्हणजे जुने फोटो एकात एक जोडून नवी चित्रं, तेव्हा मूळ फोटो त्यांच्या आजोबांचे, उमरावसिंगांचे होते, घरातलीच माणसं. तुमच्या खोक्यातली माणसं परकी आहेत पण लांबची नाहीत, पारोळा, चोपडा, धरणगाव इथेच कुठेतरी त्यांची नातवंडं असणार. आणि कायद्याचं म्हणाल तर 1957 च्या कॉपीराइट कायद्यात पैसे देऊन काढून घेतलेल्या फोटोचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, गिऱ्हाईकच असतो. निगेटिव्ह किलोवर घेतलं म्हणून तो हक्क तुमच्याकडे येत नाही.

आता एक काम करा, एखादं निगेटिव्ह खिडकीशी तिरपं धरा आणि मॅट, म्हणजे कमी चकाकणाऱ्या बाजूनं चेहरा बघा. गालावर, डोळ्याखाली शिसपेन्सिलीच्या बारीक रेघा दिसल्या तर तो रिटचिंगवाल्याचा, म्हणजे निगेटिव्हवरच चेहरा सुधारणाऱ्या कारागिराचा हात. निगेटिव्हवर जिथं पेन्सिल लागते तिथं प्रिंट उजळ येतो, देवीचे व्रण आणि जागरणाची काळी वर्तुळं अशीच घालवायचे. छोट्या प्रिंटमध्ये हे कळायचं नाही, तुम्ही चार फुटी प्रिंट काढलात की ती रेघ न् रेघ दिसेल, आणि माझ्या मते तुमचं खरं प्रदर्शन तिथं आहे, कोणाला गोरं व्हायचं होतं, कोण कसं उजळत होतं.

पण त्याआधी छोटे प्रिंट काढून अल्बम करा आणि बाजाराच्या दिवशी म्हाताऱ्या माणसांपुढे ठेवा. कोणीतरी म्हणेलच, "हाई ते मनी फुई शे", ही तर माझी आत्या. त्या घरी एक प्रिंट द्या, परवानगी मागा, लिहून घ्या. नाव टाकताना स्टुडिओचं वेगळं, रिटचिंगवाला सापडला तर त्याचं वेगळं, निवड आणि मांडणी म्हणून खाली तुमचं. एखादं घर नको म्हणालं तर तो फोटो खोक्यात परत ठेवा, सगळ्यात भारी तोच असला तरी.