अशी कोणती व्हॉइस आर्टिस्ट आहे जिचं काम प्रचंड आहे पण नाव कोणालाच माहीत नाही?

माझ्या मते जून फोरे. अमेरिकेतल्या अॅनिमेशनवाल्यांना विचारलंत तर ते हात जोडतील, बाकी जगाला ती कोण हे पत्ताच नाही. जन्म 1917 चा, लहानपणीच रेडिओवर कामाला लागली आणि नव्वदी उलटली तरी माईकसमोर उभी होती.

तिची रेंज बघायची तर रॉकी आणि बुलविंकलचं कार्टून बघा, 1959 ला सुरू झालेलं. त्यात रॉकी ही उडणारी खार म्हणजे निरागस, उत्साही पोरगा, आणि त्याच्या जिवावर उठलेली हेर नताशा म्हणजे घोगरा, आळसावलेला, 'डार्लिंग'चं 'दाSSलिंक' करणारा आवाज. दोन्ही हीच बाई! म्हणजे हिरोही तीच, व्हिलनही तीच, आणि ऐकताना शंकासुद्धा येत नाही. डिस्नेच्या सिंड्रेलातला (1950) तो दुष्ट बोका ल्युसिफर, त्याला तर डायलॉगच नाहीत, नुसतं गुरगुरणं आणि फिसकारणं, तेही तिचंच. मुलानमधली (1998) आजी पण तीच, फक्त आजीचं गाणं मार्नी निक्सनने गायलंय, जिने आयुष्यभर दुसऱ्यांसाठी आवाज दिला (मायफेअर लेडीत ऑड्री हेपबर्नची गाणी तिचीच), असा योग.

मग नाव का नाही झालं? एक तर तेव्हा क्रेडिट द्यायची पद्धतच धड नव्हती. वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनमध्ये कित्येक वर्षं फक्त बग्ज बनीचा आवाज देणाऱ्या मेल ब्लँकचं नाव यायचं कारण त्याच्या करारातच तसं होतं, बाकीचे गेले उडत. 1966 च्या 'ग्रिंच' या टीव्ही कार्टूनमध्ये छोट्या सिंडी लूचा आवाज तिचा, पण नामावलीत ती नाहीच. आणि आपण डक टेल्स दूरदर्शनवर हिंदीत बघितलं, त्यामुळे मॅजिका चेटकीण तिने कशी केली होती ते आपल्या कानावर आलंच नाही.

ती नुसती गप्प बसणारी नव्हती हां. अॅनिमेशनचे अॅनी अवॉर्ड्स सुरू करण्यात तिचा पुढाकार होता, आणि ऑस्करमध्ये अॅनिमेटेड फिल्मसाठी वेगळं बक्षीस हवं म्हणून ती अकादमीच्या किती वर्षं मागे लागली होती, ते शेवटी 2002 च्या सोहळ्यात पहिल्यांदा दिलं गेलं, श्रेकला. तिला स्वतःला पहिला एमी (अमेरिकेतला टीव्हीचा मोठा पुरस्कार) मिळाला 2012 मध्ये, वयाच्या 94 व्या वर्षी, गारफील्डच्या मालिकेसाठी. उशीर म्हणजे किती उशीर! 2017 मध्ये गेली, शंभरी दोन महिन्यांवर आली असताना.

आता माझा सगळ्यात आवडता किस्सा. 1960 च्या आसपास मॅटेल या खेळण्यांच्या कंपनीची चॅटी कॅथी नावाची बाहुली होती, पाठीची दोरी ओढली की गोड बोलायची, आवाज जूनचा. पुढे 1963 मध्ये ट्वायलाइट झोन या गूढकथांच्या टीव्ही मालिकेचा 'लिव्हिंग डॉल' हा भाग आला, त्यात तशीच बोलणारी बाहुली घरातल्या सावत्र बापाला तशाच गोड सुरात जिवे मारायची धमकी देते, आणि आवाज परत जूनचाच! आवाज अजिबात भेसूर केलेला नाही, म्हणून जास्त टरकायला होतं.

बघणार असाल तर आधी रॉकी बघा, मग ही बाहुली. उलटं केलंत तर ती बिचारी खार तोंड उघडेल तेव्हा दचकाल.