विकत घेतलेला गेम उघडत नाही, म्हणून क्रॅक टाकू का?

प्रश्न: मी सांगली जिल्ह्यात, गावात राहतो. एक अवघड प्लॅटफॉर्म गेम १,४९९ रुपयांना ऑनलाइन घेतला. सुरू केला की आधी प्रकाशकाचा वेगळा लाँचर (गेम सुरू करणारा प्रोग्राम) उघडतो, लॉगिन मागतो. नेट गेलं की गेम मधेच बंद. विक्रीच्या पानावर यातलं काहीच लिहिलेलं नव्हतं. परताव्याची दोन तासांची मुदत लाँचरशी झगडण्यातच संपली. मित्र म्हणतो, क्रॅक टाक, म्हणजे गेमचं संरक्षण तोडणारी फाइल. तो गुन्हा ठरेल का?

उत्तर: क्रॅक टाकू नका. कॉपीराइट कायद्याचं कलम ६५अ २०१२च्या दुरुस्तीने आलं. हक्कभंगाच्या हेतूने कॉपी रोखणारं डिजिटल कुलूप तोडलं, तर त्यात दोन वर्षांपर्यंत कैद आहे. स्वतःच्या प्रतीपुरता तुमचा तसा हेतू नव्हता, असा युक्तिवाद करता येईल. पण क्रॅकसोबत येते ती बहुधा गेमची बेकायदा प्रत, आणि ती जाणूनबुजून वापरणं हा कलम ६३ब खाली वेगळा गुन्हा आहे. फायद्यासाठी वापरली नसेल तर न्यायालय केवळ दंडावर सोडू शकतं, पण तिथवर जायचंच कशाला? आज तुम्ही फसवले गेलेले ग्राहक आहात. ही भक्कम बाजू हातची घालवू नका.

तुमचा त्रास मला पटतो. शंभरदा पडून एकशे एकाव्यांदा नेमक्या क्षणी उडी मारायची, हीच या खेळांची गंमत, आणि ती लय तुटली की उरतं काय? २०१७ साली ‘सोनिक मेनिया’च्या पीसी आवृत्तीत डेनुवो हे कॉपी रोखणारं सॉफ्टवेअर होतं आणि सुरुवातीला तो गेम नेटशिवाय चालतच नव्हता. खेळाडूंच्या तक्रारींनंतर प्रकाशक सेगाने ते दुरुस्त केलं.

तक्रारीत मात्र ‘मजा गेली’ असं लिहू नका. लिहा: ‘नेट सतत लागतं आणि दुसरं खातं उघडावं लागतं, ही माहिती विक्रीपूर्वी दडवली.’ ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ नुसार महत्त्वाची माहिती मुद्दाम दडवणं ही सेवेतली त्रुटी आहे.

आधी कंपनीला ईमेल करा, मग १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवा. दाद मिळाली नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. अटींमध्ये परदेशातलं न्यायालय लिहिलेलं असलं तरी घाबरू नका; कलम ३४ नुसार राहत्या जिल्ह्यात तक्रार करता येते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही, तक्रार करायची मुदत दोन वर्षांची. ‘करारच अन्याय्य आहे’ हा मुद्दा तिथे घेऊ नका, तो अधिकार राज्य आयोगाचा आहे.

विक्रीच्या पानाचे, पावतीचे आणि एरर मेसेजचे तारखेसकट स्क्रीनशॉट आजच काढा. ते पान उद्या बदललेलं असू शकतं.